तीन मालकांची सायकल

टोकियोतल्या ओजिमाच्या दान्चीत कुणा मराठी कुटुंबाचं जपानमधलं पोस्टिंग संपलं, की पहिला फोन विमानाच्या तिकिटासाठी व्हायचा आणि दुसरा दमयंती खांबेटे हिला.

"ताई, राइस कुकर घेता का? आणि ते इस्त्रीचं टेबल? आणि हो, पडदेसुद्धा आहेत."

दान्ची म्हणजे सरकारी भाड्याच्या उंच इमारतींची वसाहत. तिथे वस्तू आणणं सोपं, टाकणं कर्मकठीण. आधी कचरा खात्याला फोन, मग तारीख, मग पैसे भरून स्टिकर, मग ठरल्या सकाळी ठरल्या कोपऱ्यात ती वस्तू स्टिकर लावून उभी करायची, मुलगी दाखवायला आणल्यासारखी. त्यापेक्षा दमयंती बरी. तिच्या बाल्कनीत जाणाऱ्यांचे संसार येऊन पडायचे आणि येणाऱ्यांच्या गळ्यात जायचे. 'गळ्यात' हा शब्द तिच्या नवऱ्याचा, विनायकचा. ती स्वतः म्हणायची, "मी घरं लावून देते."

देण्यात तिचा आग्रह असायचा, आणि आग्रहाचं एक शास्त्र होतं. समोरच्याचं पहिलं 'नको' संकोचाचं, दुसरं रीतीचं. तिसऱ्यांदा नको म्हणेपर्यंत वस्तू त्याच्या हातात. जिलबी वाढताना जो न्याय, तोच मिक्सर देताना. या शास्त्रावर तिने अर्धी वसाहत सजवली होती.

नवव्या मजल्यावरचा क्वाबेना त्या शास्त्रात बसला नाही, आणि हे तिच्या फार उशिरा लक्षात आलं.

क्वाबेना आसांते घानाचा, कुमासी गावचा. पुलांना भूकंपात भेगा कुठे जातात हे शोधण्यात त्याची पीएच.डी. झाली होती, आणि आता नागोयाच्या एका कंपनीत पूल तपासायची पक्की नोकरी मिळाली होती. जपानी तो इतकं चोख बोलायचा की वसाहतीच्या कमिटीतल्या आजीबाई पाणी बंद असल्याच्या नोटिसा त्याच्याकडून तपासून घेत. दमयंतीचं जपानी वीस वर्षांनंतरही भाजीवाल्यापुरतं आणि भांडणापुरतं. मराठी पोरं तिला काकू म्हणत, म्हणून तोही तिच्याशी इंग्रजीत बोलताना काकूच म्हणायचा.

उन्हाळ्यात तो रोज घामाघूम होऊन स्टेशनवरून चालत यायचा. तिला ते बघवेना.

"क्वाबेना, ही माझी सायकल घेऊन जा. मला आता बॅटरीवाली आणलीय विनायकने."

"नको, काकू."

"अरे, स्टेशन काय जवळ आहे का?"

"मला चालायला आवडतं."

"पावसात?"

"पावसात तर फारच."

"येत नाही का चालवता? सांग की मोकळेपणाने. नदीकाठी नेऊन शिकवीन. तुझ्या वयाच्या बायका शिकल्यात माझ्या हाताखाली."

तो मोठ्याने हसला. हसताना त्याचे दोन्ही हात हवेत जात. त्याचं सगळं बोलणंच हातांनी चालायचं. पूल कसा डोलतो हे सांगायचा तेव्हा लिफ्टमधली माणसं भिंतीला टेकून उभी राहायची. "येते हो चालवता. कुमासीत वडिलांना मागे बसवून बाजारात न्यायचो. पण इथे नको."

"इथे काय वाईट आहे? रस्ते बरे असतील तुमच्यापेक्षा."

"रस्ते बरे आहेत," तो म्हणाला.

तीन नको झाले होते. दमयंतीने किल्ली त्याच्या तळव्यावर ठेवून मूठ मिटवली.

सप्टेंबरातल्या एका दुपारी ती भेंडी चिरत असताना त्याचा फोन आला. आवाज इतका सावकाश, की आधी तिला वाटलं दुसराच कुणी आहे.

"काकू, ती लाल सायकल तुम्हाला कुणी दिली होती?"

"उत्तराने. आपल्या अकराव्या मजल्यावरच्या जगदीशरावांची बायको. ते भारतात परत गेले तेव्हा. का रे?"

"सायकल त्यांच्या नावावर आहे. त्यांचा नंबर लागेल पोलिसांना. मी ठाण्यात आहे. तुम्ही घाबरू नका."

म्हणजे आत हा, आणि धीर देतोय तिला. तिने नंबर पाठवला, भेंडी तशीच टाकली आणि विनायकला ऑफिसात फोन केला.

"तू जाऊ नकोस," विनायक पहिल्याच दमात म्हणाला. "आधी वकिलाला विचारू. आपला परमनंट रेसिडेन्सीचा अर्ज आत आहे, दमू."

"अर्ज आत आहे आणि माणूसही आत आहे. मी माणसाकडे जाते, तू अर्जाकडे बघ."

"भांडू नकोस तिथे."

"मी कधी भांडते?"

ती चपला घालून निघाली.

ठाणं कसलं, बँकेसारखं. चकचकीत फरशी, कुंड्या, आणि काउंटरमागे चष्मा लावलेला एक प्रौढ अधिकारी, जो तिला बघताच उभा राहून वाकला. तिने जरा कमी वाकून परतफेड केली आणि सुरुवात केली.

"ती सायकल माझी आहे. मी दिली त्याला. त्याला सोडा."

"ओकुसान, बसा ना." बाईमाणसाशी अदबीने बोलायचा शब्द, तोही खुर्ची पुढे करून. "आम्ही त्यांना धरलेलं नाही. ते स्वखुशीने आले आहेत."

"असं? मग स्वखुशीने घरी जाऊ शकतात?"

"थोडं थांबावं, अशी आमची विनंती आहे."

"आणि नाही थांबला तर?"

अधिकारी नम्रपणे हसला. त्या हसण्याचं भाषांतर करायला दमयंतीला कुठल्याच भाषेची गरज पडली नाही.

मग त्याने समजावून सांगितलं. जपानात प्रत्येक सायकलवर नोंदणीचा स्टिकर असतो. कोपऱ्यावरच्या चौकीतल्या शिपायाने या गृहस्थांना थांबवलं, स्टिकरचा नंबर वायरलेसवर कळवला, नाव निघालं 'जागादीशु-सान', म्हणजे जगदीशराव. गृहस्थ काही जागादीशु-सान नव्हेत.

"थांबवलं का पण? सिग्नल तोडला?"

"नाही."

"दिवा नव्हता?"

"दुपार होती, ओकुसान."

"तेच विचारतेय. का थांबवलं?"

"सायकल त्यांना जरा… लहान वाटत होती."

दमयंतीने डोळे मिटून घेतले. सायकल उत्तराच्या मापाची होती, पाच फुटी बाईच्या. जपानातल्या निम्म्या बापांच्या सायकली त्यांना लहान असतात; बायकोची घेऊन दूध आणायला निघालेले असतात बिचारे. "अहो, या सायकलवर मी चार वर्षं तुमच्या त्याच चौकीवरून जात होते. तांदळाची पोती घेऊन. एकदा दिवा बंद होता तर तुमचा शिपाई म्हणाला, बाई, दिवा दुरुस्त करा हं, जपून जा. सायकल माझ्याही नावावर नव्हती. तेव्हा नाही कुणी नंबर बघितला?"

"तशी गरज वाटली नसेल."

"मग चोर मी झाले ना? आधी मला आत घ्या. ठसे घ्या." तिने दोन्ही हात काउंटरवर पालथे ठेवले.

अधिकारी संकोचला. थट्टा समजून तरुण शिपाई तोंडावर हात ठेवून हसला आणि तिच्यासाठी सातूचा थंडगार चहा घेऊन आला. मग अधिकारी पुढे झुकून हलक्या आवाजात म्हणाला, "ओकुसान, मोकळेपणाने सांगा. त्यांनी ती सायकल तुमच्याकडून दबाव आणून तर घेतली नाही ना?"

"दबाव?" दमयंतीचा आवाज कुंड्यांपर्यंत गेला. "दबाव मी आणला! तो नको नको म्हणत होता, मी त्याच्या मुठीत किल्ली कोंबली!"

अधिकाऱ्याने काहीतरी टिपून घेतलं. काय टिपलं देव जाणे. हे वाक्य त्याच्या जपानीत बसण्यासारखं नव्हतं. इथे 'नको' म्हणजे नको.

आणि मग, खुर्चीत बसल्या बसल्या, ते तिच्याही डोक्यात शिरलं. 'इथे नको.' 'रस्ते बरे आहेत.' माणूस आणखी किती स्पष्ट बोलणार होता?

शिपाई आतल्या खोलीत गेला तेव्हा दार जरा उघडं राहिलं. क्वाबेना टेबलाशी बसला होता. हात टेबलावर पालथे, बोटं पसरलेली, सगळ्यांना दिसतील अशी. बोलत होता, पण हात हलत नव्हते. हे असं बसायचं त्याला कुणी शिकवलं, केव्हा शिकवलं, कुठल्या गावात शिकवलं? दार बंद झालं.

"जागादीशु-सानना आम्ही फोन केला होता," अधिकारी म्हणाला. "इंग्रजीत विचारलं, आसांते नावाच्या माणसाला तुम्ही सायकल दिलीत का? ते म्हणाले, नाही. ओळखता का? नाही."

"बरोबर आहे! ते कशाला ओळखतील? मला दिली का, ते विचारलंत?"

"तो प्रश्न त्या वेळी उपस्थित नव्हता. तक्रार नोंदवायची का, असंही विचारलं. विचार करून सांगतो म्हणाले. त्यांनी तक्रार दिली, तर मात्र आम्हाला अटक करावी लागेल."

उद्या सकाळी क्वाबेनाला नागोयात कंपनीच्या करारावर सही करायची होती. त्यानंतर व्हिसा बदलायचा. इथे एकदा अटक झाली की आधी दोन-तीन दिवस, मग न्यायाधीशाने म्हटलं तर आणखी दहा, आणखी दहा. कुणाशी धड बोलू देत नाहीत. नोकरी, व्हिसा, सगळं त्या खोलीतच संपणार होतं, एका लाल सायकलपायी.

दमयंतीने दाराशी जाऊन फोन लावला. मुंबईत तेव्हा बाराचा सुमार.

"जगदीशराव, तुम्ही काय सांगितलंत पोलिसांना?"

"जे विचारलं तेच, दमयंतीबाई. पोलिसांशी माणसाने विचारतील तेवढंच बोलावं."

"सायकल तुम्ही मला दिली होतीत हे सांगायचं ना."

"मी कुठे दिली? उत्तराने परस्पर दिली. मी त्या वेळी पॅकर्सशी बोलत होतो."

"बरं, उत्तराने दिली. तेच सांगा पोलिसांना. मी फोन त्यांच्या हातात देते."

"हे बघा, माझं पुन्हा टोकियोच्या पोस्टिंगचं चाललंय. आमची बँक विचारेल, तुमचं नाव पोलिसांत कसं? उगाच लचांड. आणि स्पष्ट बोलतो, राग मानू नका, द्यायचीच होती तर आपल्यातल्या कुणाला द्यायची. तिथे एवढी माणसं होती."

"आपल्यातला म्हणजे?"

"तुम्हाला कळतंय मला काय म्हणायचंय ते."

"कळतंय. म्हणूनच म्हणते, शब्दांत सांगा. मी स्पीकरवर टाकते, या साहेबांनाही ऐकू दे."

"तुम्ही ना… हे बघा, पोलीस काय वेडे आहेत का? विनाकारण थांबवतात का कुणाला?"

"मला चार वर्षं नाही थांबवलं, जगदीशराव. तुमच्या नावाच्या सायकलवर मी टोकियोभर उंडारले. मी काय तुमच्यासारखी दिसते म्हणून?"

तेवढ्यात मागून आवाज आला, "कोण आहे हो? दमू आहे का?"

"काही नाही, ऑफिसचा फोन आहे."

"उत्तरा!" दमयंती ठाण्याच्या दारात ओरडली. कुंडीला पाणी घालणारा शिपाई दचकला. "उत्तरा, मी आहे! तुझ्या लाल सायकलवरून एक माणूस तुरुंगात चाललाय!"

तिकडे फोनची ओढाताण झाली. "द्या इकडे," असं एकदा ऐकू आलं, मग "द्या म्हणते ना," आणि मग उत्तरा फोनवर आली. हकीकत ऐकून घेतली, मध्ये एकदाही 'अगंबाई' म्हणाली नाही. एवढंच विचारलं, "कोण, तो नवव्या मजल्यावरचा? लिफ्ट बंद असली की जिन्यात माझी बाबागाडी उचलायचा तो? दे त्या साहेबाला."

उत्तराचं जपानी वॉर्डाच्या फुकट वर्गात शिकलेलं, त्याला आता कैक वर्षं पाणी मिळालं नव्हतं. पण ती न अडखळता, चुकीच्या क्रियापदांचा पाऊस पाडत बोलली. सायकल माझी. रंग लाल. मागच्या बाजूला लहान मुलाची सीट काढल्याचे चार वण आहेत, बघून या. नवरा नुसता नावाचा, चालवत मी होते. दमयंती-सानना मी दिली, त्यांनी आसांते-सानना दिली. तक्रार? कसली तक्रार? शिपाई पार्किंगमध्ये जाऊन वण बघून आला आणि मान डोलावली. मालक म्हणून जागादीशु-सान यांनीही दुजोरा द्यावा, असं अधिकारी म्हणाला. उत्तराने फोन नवऱ्याच्या हातात दिला. मग एक पडलेला आवाज इंग्रजीत म्हणाला, "येस. माय वाइफ गेव्ह इट. नो कम्प्लेंट."

अधिकारी उठला आणि वाकला. "सहकार्याबद्दल आभार. संशय फिटला."

क्वाबेना बाहेर आला. दमयंतीकडे बघून त्याने नुसती मान हलवली. ती पिशवी घेऊन उठलीच होती, तोवर काउंटरवर एक कागद आला, शेजारी पेन.

"एक छोटीशी सही," अधिकारी म्हणाला. "दुसऱ्याच्या नावावरची सायकल वापरली, त्रास दिला, यापुढे काळजी घेईन. रिवाज आहे फक्त."

"कुणाला त्रास दिला?" दमयंती म्हणाली.

"म्हणजे… सर्वांना."

"मग माझ्यासाठीपण एक कागद आणा. मी चार वर्षं त्रास दिलाय."

"ओकुसानना त्याची गरज नाही."

"तर मग त्यालाही नाही. सही करायची नाही, क्वाबेना. आपण बसू. मला काही घाई नाही. मी विनायकला सांगते, जेवायला बाहेर जा."

ती खरोखर बसली. पिशवी मांडीवर घेऊन, अगदी उपोषणाला बसल्यासारखी. अधिकाऱ्याने शिपायाकडे बघितलं. शिपाई लगबगीने तिच्यासाठी आणखी चहा आणायला गेला.

क्वाबेना तिच्या शेजारच्या खुर्चीत बसला. "काकू, उद्या सकाळची नागोयाची गाडी आहे."

"गाठशील. सही न करता गाठशील. कायद्याने ते तुला थांबवू शकत नाहीत, त्यांनीच सांगितलं, स्वखुशीने आलायस म्हणून."

"आणि त्यांनी कंपनीत एक फोन केला तर? नुसतं विचारलं, हे गृहस्थ तुमच्याकडे येणार आहेत का? एवढं पुरतं. पोलीस हा शब्द ऐकला की पुढचं कुणी ऐकत नाही."

"मग मीपण कंपनीला फोन करीन. कमिटीतल्या आजींना न्यायला लावीन पत्र. हे लोक असेच सोकावतात, प्रत्येक जण सही करून मोकळा होतो म्हणून. मला चीड येते रे."

"मलाही येते," क्वाबेना म्हणाला. हे तो अगदी साध्या आवाजात म्हणाला. "पहिल्या वर्षी मी भांडलो होतो. स्टेशनवर, बॅग उघडा म्हणाले तेव्हा. आवाज चढवला. एकाचे चार पोलीस झाले." त्याने काउंटरकडे पाहिलं. शिपाई ट्रेमध्ये एकच पेला घेऊन येत होता. "तुम्ही भांडता, काकू, तेव्हा ते तुम्हाला चहा देतात."

तो उठला, दोन्ही हातांनी कागद सरळ केला आणि सुबक जपानी अक्षरांत पत्ता लिहून सही केली. अधिकाऱ्याने अक्षराचं कौतुक केलं.

दमयंतीने चहाला हात लावला नाही.

बाहेर तिने सायकल हातात धरून चालायला सुरुवात केली. दोघं एक सिग्नल ओलांडून गेले. मग तीच म्हणाली, "तू मला सांगायचं होतंस. नीट, बसून. नको म्हणतोयस, तर का नको."

"सांगितलं असतं तर तुम्ही काय म्हणाला असतात?"

तिने प्रामाणिकपणे विचार केला. "म्हटलं असतं, तुझा गैरसमज झालाय. जपानी लोक फार चांगले आहेत."

"चांगलेच आहेत," तो म्हणाला. "मी इथेच राहणार आहे. पूल तपासायचेत मला त्यांचे."

घरी आल्यावर तिने वसाहतीच्या मराठी ग्रुपवर संदेश टाकला: माझ्याकडून ज्यांनी सायकली घेतल्या, त्यांनी रविवारी सायकलच्या दुकानात येऊन नोंदणीवरचं नाव बदलून घ्यावं, मी सोबत येते. कारणही लिहिलं, सगळं, नाव न घेता. अंगठे आले. हात जोडलेले आले. विनायकने बाजूच्या खोलीतून अंगठा पाठवला. मग चौथ्या मजल्यावरच्या सुरुचीने लिहिलं, 'ताई, वाईट झालं, पण रविवारी मुलांचा क्लास असतो. आणि आपल्याला कोण थांबवतंय?' त्याला सगळ्यात जास्त अंगठे आले. दमयंतीने तीन वेळा उत्तर लिहिलं आणि तीन वेळा खोडलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी क्वाबेनाचा फोन आला. मागे भुयारी रेल्वेची उद्घोषणा चालू होती.

"झाली सही, काकू. पहिला पूल नदीवरचा देणारेत."

"वा. वेळेत पोहोचलास ना?"

"थोडा उशीर झाला. स्टेशनबाहेर एकाने रेसिडेन्स कार्ड मागितलं."

"कुणी? पोलिसाने? सायकल कुठली होती तुझ्याकडे?"

"सायकल नव्हती. सूट होता, टाय होता, हातात फाइल होती."

दमयंती खुर्चीत बसली. "नाव विचारलंस त्याचं? कुठल्या चौकीचा? नागोयात माझ्या ओळखीचा अंबरीष आहे, त्याला पाठवते आत्ता."

"काकू, त्याने काही केलं नाही. कार्ड बघितलं, वाकला आणि गेला. सभ्य होता फार."

"ते नको सांगूस मला," दमयंती म्हणाली. "सभ्य होता, ते अजिबात नको सांगूस."

पलीकडे गाडी आली, दारं उघडल्याचा आवाज झाला. "ठेवतो," तो म्हणाला. "चढतो गाडीत."

तिने फोन टेबलावर ठेवला, मग उचलला, आणि जिना उतरून चौथ्या मजल्यावर सुरुचीच्या दाराची बेल वाजवली. दार उघडेपर्यंत तिने बेलवरचं बोट काढलं नाही.